तारीख, ठिकाण आणि गेलेल्या माणसाचं नाव : मराठी वृत्तवाहिन्यांच्या संपादकांना खुलं पत्र

सर्व मराठी वृत्तवाहिन्यांचे संपादक, इनपुट-आउटपुट प्रमुख आणि रात्रपाळीचे शिफ्ट इनचार्ज यांस,

सप्रेम नमस्कार.

२६ ऑक्टोबर २०२५ रोजी सुदानमधलं अल फाशर शहर दीड वर्षाच्या वेढ्यानंतर तिथल्या लष्कराशी लढणाऱ्या रॅपिड सपोर्ट फोर्सेस या निमलष्करी दलाच्या हाती पडलं. त्यानंतर दोनच दिवसांत तिथल्या सौदी प्रसूती रुग्णालयात ४६० हून अधिक रुग्ण आणि त्यांच्या सोबतची माणसं मारली गेल्याच्या वृत्ताचा जागतिक आरोग्य संघटनेने जाहीर निषेध केला. येल विद्यापीठाच्या संशोधकांनी उपग्रहचित्रं तपासली. घरांच्या आसपास माणसाच्या देहाएवढ्या आकाराचे पुंजके आणि जमिनीवर लालसर डाग त्यांना दिसले. त्या आठवड्यातले आपले रनडाऊन, म्हणजे बुलेटिनच्या बातम्यांच्या क्रमवार याद्या, काढून बघा, एवढीच पहिली विनंती आहे. या बातमीला किती मिनिटं मिळाली, कितव्या सेगमेंटमध्ये मिळाली आणि सोबत कोणती दृश्यं गेली?

हे पत्र लिहिणारे आम्ही सगळे या कामातले आहोत. कुणी एडिट बेवर, कुणी इंजेस्टला, म्हणजे बाहेरून आलेली दृश्यं सिस्टिममध्ये उतरवून घ्यायला, कुणी आंतरराष्ट्रीय बातम्यांची कॉपी मराठीत करणारे. दर गुरुवारी येणाऱ्या रेटिंगचा दबाव आम्हाला माहीत आहे, तीन माणसांचं काम एकाने करणं माहीत आहे. पण दूरच्या देशातलं युद्ध आपल्या पडद्यावर जे रूप घेतं ते आता गप्प बसून बघवत नाही. रशिया-युक्रेन असो, गाझा असो, इराण-इस्रायल असो, आपल्या बातमीत क्षेपणास्त्राचा पल्ला असतो, वेग असतो, किंमत असते. ते ज्याच्या घरावर पडलं तो माणूस नसतो. तो मुद्दाम काढला जातो असं आम्ही म्हणत नाही. फीड येण्यापासून ते अ‍ॅस्टन, म्हणजे पडद्यावरची मजकुराची पट्टी, लागेपर्यंतच्या चार-पाच पायऱ्यांवर तो थोडा थोडा गळत जातो. त्या पायऱ्या आम्हाला ठाऊक आहेत, म्हणून हे लिहितो आहोत.

पहिली तक्रार दृश्यांची, आणि तीच सगळ्यात मोठी.

रॉयटर्स, एपी किंवा एएफपी या वृत्तसंस्थांकडून येणाऱ्या प्रत्येक व्हिडिओसोबत शॉटलिस्ट येते. त्यात चित्रीकरणाची तारीख असते, गाव असतं, प्रत्येक शॉटमध्ये काय आहे ते असतं, बोलणाऱ्याचं नाव आणि तो काय म्हणाला ते असतं. कुठे वापरता येईल, किती दिवस वापरता येईल याची अट असते. व्हिडिओ सामान्य नागरिकाने काढलेला असेल तर एजन्सीने तो कसा पडताळला तेही लिहिलेलं असतं. हे सगळं आपल्याकडे इंजेस्टच्या क्षणी सुटतं. फाइलचं नाव होतं ‘युक्रेन ब्लास्ट ३’ आणि शॉटलिस्ट वृत्तसंस्थेच्या खिडकीतच राहते. दहा दिवसांनी दुसऱ्या पाळीतला एडिटर लायब्ररीत ‘ब्लास्ट’ शोधतो, हीच क्लिप त्याला मिळते आणि ती ‘आत्ताची दृश्यं’ म्हणून लागते. त्याची चूक म्हणावी तर त्याच्या हातात तारीख कुणी दिलीच नव्हती.

मग ती क्लिप लूपवर जाते. बारा सेकंदांचा तुकडा अर्ध्या तासाच्या चर्चेच्या मागे सलग फिरवला तर दीडशे वेळा दिसतो. युक्रेनच्या खारकीव शहरातला एक जिना एकदा कोसळला होता. आपल्या पडद्यावर तो दीडशे वेळा कोसळतो आणि त्याखाली कोण राहत होतं हे एकदाही सांगितलं जात नाही. शॉटलिस्टमध्ये सातव्या शॉटला त्या इमारतीतल्या बाईचा बाइट, म्हणजे तिच्या बोलण्याचा तुकडा, होता. तो कापला जातो, कारण तिला मराठीत आणायला पाच मिनिटं लागतात आणि धुराच्या लोटाला भाषांतर लागत नाही.

समाजमाध्यमांवरून उचललेल्या दृश्यांची गोष्ट याहून वाईट आहे. फेब्रुवारी २०२२ मध्ये ‘कीवचं भूत’ म्हणून जगभर फिरलेल्या लढाऊ विमानाच्या क्लिपांमधली एक ‘डीसीएस वर्ल्ड’ या व्हिडिओ गेममधली होती. असा कुणी एकटा वैमानिक नव्हता, ती दंतकथा आहे, हे युक्रेनच्या हवाई दलानेच त्या वर्षी एप्रिलअखेर सांगितलं. ऑक्टोबर २०२३ मध्ये अल्जीरियातल्या फुटबॉल चाहत्यांची आतषबाजी गाझावरचा बॉम्बवर्षाव म्हणून फिरली. ‘आर्मा ३’ या गेमची दृश्यं तर इतक्या वेळा खरं युद्ध म्हणून दाखवली गेली की ती बनवणाऱ्या चेक प्रजासत्ताकातल्या बोहेमिया इंटरअ‍ॅक्टिव्ह कंपनीला नोव्हेंबर २०२२ मध्ये जाहीर निवेदन काढावं लागलं. ओळखायच्या खुणा त्यांनीच दिल्या : चित्र अस्पष्ट, कॅमेरा हलता, वेळ बहुतेक रात्रीची, आवाज बहुतेक वेळा नाही, आणि हालचाल करणारी माणसं सहसा नाहीत.

या शेवटच्या खुणेपाशी जरा थांबा. गेममध्ये माणसाचं चालणं-धावणं हुबेहूब जमत नाही, म्हणून फसवणारा माणूस नसलेला तुकडा निवडतो. आणि तो आपल्या डेस्कवर कुणालाही खटकत नाही, कारण माणूस नसलेलं युद्ध दाखवायची सवय आपल्याला आधीच लागलेली आहे.

पडताळणीला वेळ नाही, हे उत्तर आम्ही ऐकत आलो आहोत. एका क्लिपची प्राथमिक तपासणी बहुतेक वेळा दहा-पंधरा मिनिटांत होते. इनव्हिड हे ब्राउझरमध्ये बसणारं फुकट साधन व्हिडिओचे मुख्य फ्रेम वेगळे काढून देतं. ते गूगल लेन्स, यांडेक्स आणि टिनआय या तिन्हींवर टाकायचे, एकावर भागवायचं नाही, कारण पूर्व युरोपातली चित्रं अनेकदा यांडेक्सवर आधी सापडतात. जुनी प्रत मिळाली तर काम तिथेच संपलं. नाही मिळाली तर जागा : दुकानाच्या पाटीची लिपी, गाडीची नंबर प्लेट, मशिदीचा मिनार, मागचा डोंगर, आणि हे सगळं उपग्रह नकाशाशी ताडून पाहणं. मग सावली : ती कुठल्या बाजूला पडली आहे त्यावरून सांगितलेली वेळ बरोबर आहे का ते सनकॅल्कसारख्या साधनावर कळतं. मग आवाज. आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो, म्हणजे किलोमीटरला साधारण तीन सेकंद. दोन किलोमीटरवर झालेल्या स्फोटाचा उजेड आणि धमाका एकाच क्षणी येत असेल तर तो आवाज मागाहून चिकटवलेला आहे. हे तपासायला कान आणि टाइमलाइन एवढंच लागतं.

दुसरी तक्रार याच आवाजाची. १० मे २०२५ रोजी केंद्रीय गृह मंत्रालयाच्या नागरी संरक्षण महासंचालनालयाने वाहिन्यांना कळवलं की जनजागृतीखेरीज इतर कार्यक्रमांत हवाई हल्ल्याच्या भोंग्याचा आवाज वापरू नका. कारण साधं होतं, रोज टीव्हीवर भोंगा ऐकून लोकांचे कान सरावले तर खरा भोंगा वाजेल तेव्हा कुणी जागचं हलणार नाही. हे सरकारला सांगावं लागलं याचं आम्हाला वाईट वाटतं. आमचं म्हणणं त्याच्याही पुढचं आहे. तेल अवीव असो, कीव असो, भोंगा वाजला की तिथली माणसं मुलांना कडेवर घेऊन जिना उतरतात. तो आवाज आपल्या स्टुडिओत ब्रेकवरून परत येण्याची खूण होता कामा नये. रडणाऱ्या आईच्या दृश्याखाली तबल्याचे ठोके आणि सिंथचा घरघराट घालणंही बंद व्हावं. दृश्याचा स्वतःचा आवाज असेल तर तोच ठेवा, नसेल तर निवेदकाचा आवाज पुरे.

तिसरी, आकड्यांची.

१७ ऑक्टोबर २०२३ च्या रात्री गाझातल्या अल-अहली रुग्णालयाच्या आवारात स्फोट झाला. सुरुवातीला ५०० मृत सांगितले गेले, नंतर गाझाच्या आरोग्य मंत्रालयाने ४७१ म्हटलं, अमेरिकी गुप्तचरांचा अंदाज १०० ते ३०० च्या दरम्यान होता आणि स्फोट कुणामुळे झाला यावरच वाद पेटला. न्यूयॉर्क टाइम्सने २३ ऑक्टोबरला संपादकांची टीप छापून मान्य केलं की सुरुवातीच्या बातमीत आपण हमासच्या दाव्यावर फार विसंबलो. आपल्या वाहिन्यांनी त्या रात्री काय अ‍ॅस्टन लावले आणि पुढे कधी दुरुस्त केले, हे आपल्या रेकॉर्डिंगमध्ये सापडेल. याचा अर्थ त्या मंत्रालयाचा प्रत्येक आकडा खोटा असाही नाही. आकड्यांवर शंका घेतली गेली तेव्हा त्याच महिन्याच्या २६ तारखेला त्यांनी ६,७४७ मृतांची यादी नाव, वय आणि ओळख क्रमांकासह प्रसिद्ध केली आणि २८१ मृतांची ओळख पटलेली नाही असंही सांगितलं. त्या यादीत लढणारे आणि नागरिक वेगळे केलेले नाहीत, हे मात्र प्रत्येक वेळी सांगायला हवं.

उलट संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार कार्यालयाचा युक्रेनमधला आकडा, जानेवारी २०२५ पर्यंत १२,३०० हून अधिक, हा एकेक मृत्यू पडताळून मोजलेल्या फक्त नागरिकांचा आहे आणि खरा आकडा याहून जास्त असणार असं ते कार्यालय स्वतःच सांगतं. हे दोन आकडे शेजारी ठेवून ‘कुठे जास्त मेले’ असा तक्ता स्टुडिओतल्या मोठ्या पडद्यावर, म्हणजे वॉलवर, लावणं म्हणजे प्रेक्षकाला फसवणं आहे. मोजणीची रीतच वेगळी आहे. कोण सांगतं, कोणत्या तारखेपर्यंत आणि त्यात कोण धरलेलं आहे, या तीन गोष्टी आकड्यासोबत गेल्या पाहिजेत. पहिल्या दोन तर अ‍ॅस्टनच्या एकाच ओळीत बसतात.

भाषांतरातल्या चुकाही इथेच होतात. ‘कॅज्युअल्टी’ म्हणजे मृत आणि जखमी मिळून. तिचं ‘मृत’ केलं की शंभराच्या जागी हजार जातात. मिलियन म्हणजे दहा लाख, हे घाईत एका शून्याने चुकतं. बेपत्ता माणूस ‘ठार’ होतो. आणि शब्दांची निवड : एका बाजूच्यांची ‘हत्या’ होते, दुसऱ्या बाजूच्यांचा ‘मृत्यू’ होतो. ‘खात्मा’, ‘धुव्वा’, ‘उडवलं’, ‘बेचिराख’ हे शब्द वस्तीत राहणाऱ्या माणसांच्या बातमीत येऊच नयेत. हल्ला कुणी केला हे पक्कं माहीत असेल तर कर्ता लिहा, नसेल तर ‘कुणी केला हे स्पष्ट नाही’ असं लिहा. त्याला जागा फार लागत नाही.

चौथी तक्रार, पडद्यावर कोण बोलतं याची. दूरचं युद्ध आपल्यापासून खरंच तितकं दूर आहे का? १ मार्च २०२२ ला खारकीवमध्ये सामान घ्यायला रांगेत उभा असलेला हावेरी जिल्ह्यातला वैद्यकीय विद्यार्थी तोफमाऱ्यात गेला. परराष्ट्र मंत्रालयाने १७ जानेवारी २०२५ ला दिलेल्या माहितीप्रमाणे रशियन सैन्यात भरती झालेल्या १२ भारतीयांचा तोवर मृत्यू झाला होता आणि १६ बेपत्ता होते. १९ जून २०२५ ला इराणचं क्षेपणास्त्र बीरशेबाच्या सोरोका रुग्णालयावर पडलं. बीरशेबा, दिमोना, अश्दोद या शहरांत रायगड-मुंबईकडून गेलेली बेने इस्रायली, म्हणजे इथली मराठी बोलणारी ज्यू, मंडळी राहतात. त्यांच्यातल्या जुन्या पिढीच्या घरांत अजून मराठी बोललं जातं. त्यांना फोन लावायला दुभाष्याची गरजच नाही. पण बोलावले जातात ते तेच चार संरक्षणतज्ज्ञ आणि चर्चा होते ती क्षेपणास्त्राच्या जातीवर.

आणि गाझामधून बोलणारं कुणी असू नये का? इस्रायलने परदेशी पत्रकारांना तिथे स्वतंत्रपणे जाऊ दिलेलं नाही. म्हणजे एजन्सीकडून आलेला तिथला जवळजवळ प्रत्येक शॉट स्थानिक पॅलेस्टिनी कॅमेरामनने काढलेला आहे. पत्रकारांच्या संरक्षणासाठी काम करणाऱ्या सीपीजे या संस्थेने १९९२ पासून नोंदी ठेवायला सुरुवात केली. तेव्हापासून गाझाच्या युद्धात जितके पत्रकार मारले गेले तितके दुसऱ्या कुठल्याही संघर्षात मारले गेलेले नाहीत. शॉटलिस्टमध्ये किंवा क्रेडिटमध्ये चित्रीकरण करणाऱ्याचं नाव दिलेलं असेल तर ते पडद्याच्या कोपऱ्यात लावा. अरबी समजणारी माणसं मुंबईत, औरंगाबादेत, भिवंडीत हवी तेवढी आहेत. एका भाषांतरकाराचं मानधन आपल्या वॉल ग्राफिक्सच्या खर्चापुढे काहीच नाही.

सुदानमधून एप्रिल-मे २०२३ मध्ये ‘ऑपरेशन कावेरी’ने ३,८०० हून अधिक भारतीयांना परत आणलं, तेव्हा आपण विमानतळावरून थेट प्रक्षेपण केलं. शेवटचं विमान उतरलं आणि सुदान आपल्यासाठी संपलं. त्यानंतर तिथे एक कोटीहून अधिक माणसं घराबाहेर पडली, ऑगस्ट २०२४ मध्ये अल फाशरजवळच्या झमझम या विस्थापितांच्या छावणीत दुष्काळ जाहीर झाला. मराठवाड्यातल्या प्रेक्षकाला दुष्काळ म्हणजे काय हे समजावून सांगावं लागत नाही. त्याला ही बातमी द्यायला हवी होती.

पाचवी, चेहऱ्यांची. मृतदेह आणि जखमी मुलांचे चेहरे झाकायचा नियम आपल्याकडे आहे, पण चेहरा पुसट करणारं मोझॅक एका जागी ठेवलं जातं आणि कॅमेरा हलला की चेहरा बाहेर येतो. ते फ्रेमगणिक ट्रॅक करायला हवं आणि रेंडर झाल्यावर आवाज बंद करून एकदा पूर्ण बघायला हवं. त्याहून मोठी गळती पुढे असते : बुलेटिनमध्ये झाकलेला चेहरा प्रोमोत आणि यूट्यूबच्या थंबनेलवर उघडा जातो, कारण ते करणारी टीम वेगळी आहे आणि ती कच्च्या फाइलवरून काम करते. उपाय सोपा आहे. झाकलेली प्रतच लायब्ररीत जाईल, कच्ची प्रत कुलूपबंद फोल्डरमध्ये आणि तिचा पासवर्ड दोघांकडेच. भारतीय व्यक्ती दगावली असेल तर घरच्यांना अधिकृत रीतीने कळलं आहे याची खात्री होईपर्यंत नाव, फोटो आणि घरच्यांशी फोनवरचं बोलणं, तिन्ही थांबवा.

हीच कच्ची दृश्यं दिवसभर बघणाऱ्या मुलामुलींबद्दलही बोलायला हवं. इंजेस्टला बसलेली बावीस-तेवीस वर्षांची पोरं आठ-आठ तास मृतदेह पाहतात आणि रात्री घरी जाऊन कुणाशी बोलत नाहीत. २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या, न्यूजरूममधल्या पत्रकारांवरच्या एका अभ्यासात दिसलं की एका वेळी किती तास पाहिलं यापेक्षा किती वारंवार पाहावं लागतं याचा त्रास जास्त होतो. म्हणून हे काम आठवड्यातून ठरावीक दिवसच एकाकडे असावं. पहिल्यांदा पाहताना आवाज बंद, खिडकी लहान. फाइलच्या नावातच आत काय आहे याची सूचना असावी, म्हणजे दुसऱ्याने नकळत उघडायला नको.

दुरुस्तीबद्दल थोडक्यात. चुकीची बातमी फुल स्क्रीनवर जाते आणि दुरुस्ती जातच नाही, फार तर यूट्यूबवरचा व्हिडिओ गुपचूप काढला जातो. २३ एप्रिल २०२२ ला माहिती व प्रसारण मंत्रालयाने युक्रेन युद्धाच्या वार्तांकनातल्या खोट्या दाव्यांवर आणि भडक मथळ्यांवर बोट ठेवून वाहिन्यांना सूचनापत्र काढलं होतं. सरकारने संपादकांना वळण लावावं हे आम्हालाही पटत नाही. पण आपण स्वतः केलं नाही तर तेच होत राहणार.

हे पत्र वाचणाऱ्या प्रेक्षकांसाठी एक माहिती इथेच देतो, कारण ती वाहिन्यांवर सांगितली जात नाही. २०२१ च्या केबल टीव्ही नेटवर्क सुधारणा नियमांप्रमाणे प्रत्येक वाहिनीला तक्रार निवारण अधिकारी नेमावा लागतो. तक्रारीची पोच २४ तासांत आणि निर्णय १५ दिवसांत द्यावा लागतो. समाधान झालं नाही तर पुढच्या १५ दिवसांत वाहिनी ज्या स्वनियामक संस्थेची सदस्य आहे तिच्याकडे जाता येतं. तक्रारीत तारीख, वेळ, कार्यक्रमाचं नाव आणि अ‍ॅस्टनवरचा मजकूर जसाच्या तसा लिहा, पडद्याचा फोटो जोडा. ‘तुमची वाहिनी वाईट आहे’ अशी तक्रार पुढे जात नाही.

आमच्या मागण्या :

युद्धाच्या प्रत्येक दृश्यावर चित्रीकरणाची तारीख आणि ठिकाण. जुनं असेल तर ‘संग्रहित’ हा शब्द दृश्य संपेपर्यंत राहावा, पहिले तीन सेकंद नव्हे.

शॉटलिस्ट फाइलसोबतच साठवली जाईल अशी सोय. ती नसलेली क्लिप ऑन एअर जाणार नाही.

समाजमाध्यमांवरचा व्हिडिओ पडताळणाऱ्याचं नाव रनडाऊनमध्ये नोंदलेलं असावं आणि ‘पडताळणी झाली नाही, वापरू नका’ म्हणण्याचा अधिकार त्याला शिफ्ट इनचार्जच्याही वर असावा.

वरून घातलेले भोंगे, धमाके, पार्श्वसंगीत बंद.

मृतांच्या आकड्यासोबत स्रोत आणि तारीख. दुरुस्ती त्याच कार्यक्रमात, त्याच वेळी, तेवढ्याच मोठ्या अक्षरांत.

युद्धावरच्या प्रत्येक अर्ध्या तासात किमान एक बाइट तिथे राहणाऱ्या, न लढणाऱ्या माणसाचा, नाव आणि गाव सांगून, मराठीत. दोन बाजू असतील तर दोन्हीकडचा.

आणि सुदानसाठी आठवड्यातून दहा मिनिटं, पुढच्या सोमवारपासून.

या मागण्यांसाठी नवं यंत्र विकत घ्यावं लागत नाही. पहिल्या दोन मागण्यांसाठी इंजेस्टच्या फॉर्ममध्ये तीन रकाने वाढवावे लागतील : तारीख, ठिकाण, चित्रीकरण कुणी केलं. सिस्टिमवाल्या माणसाला सांगितलंत तर दुपारच्या पाळीत होईल.

आपल्यापैकी जे संपादक यातलं काहीही आपल्या वाहिनीवर सुरू करतील त्यांनी तारखेसह लेखी कळवावं. जे करू शकत नाहीत त्यांनी कोणती मागणी का जमणार नाही ते कळवावं. दोन्ही उत्तरं आम्ही शब्दही न बदलता लोकांपुढे ठेवू.

आपले,
मराठी वृत्तवाहिन्यांच्या डेस्कवर आणि एडिट बेवर काम करणारे काही जण